अर्ध्या वाटेवर थांबलेले दूध

अकोले तालुक्यातल्या राजूरच्या बाजारपेठेत पेढ्याची परात आपण जरा जवळून पाहावी. अकोल्याहून भंडारदऱ्याकडे निघालेली गाडी इथे थांबते, ती पुष्कळदा त्या परातीसाठीच. म्हशीचे पाचेक लिटर दूध कढईत पडते, उलथन्याखाली खालवर होत राहते, त्यातले पाणी वाफ होऊन निघून जाते आणि मागे किलोभर खवा उरतो. त्यात साखर मुरते, हाताच्या तळव्यावर गोळी फिरते, अंगठ्याचा हलका दाब बसतो आणि परातीत एक वाटोळी, चपटी चकती येऊन बसते. दुधाच्या प्रवासाचे हे शेवटचे ठाणे. इथून पुढे त्याला कुठे जायचे नसते. म्हणूनच पेढ्याला तिथी नाही. दहावीचा निकाल लागो, बारसे असो, नवी मोटारसायकल दारात येवो की पॅनेल निवडून येवो, पेढा हजर. आकाशात चंद्र किती कलांचा आहे याची त्याला विचारपूस करावी लागत नाही.

वर्षातून एका रात्री मात्र हेच दूध, हीच चूल आणि हेच उलथने असूनही हात मध्येच थांबतो. आश्विन पौर्णिमेला, कोजागिरीला, दूध खव्याच्या वाटेने निघते आणि अर्ध्यावर थांबवले जाते. घट्ट झाले, पण वाहणे सुटले नाही. गोड झाले, पण दूधपण गेले नाही. या थांबण्यातच त्या पेयाची सगळी खुमारी आहे असे मला वाटते. आटवणे कुणालाही जमते, आच आणि वेळ दिला की दूध आपोआप आटत जाते. थांबावे कुठे, हे मात्र हाताला ठाऊक असावे लागते. चंद्रकलांशी बांधलेली पक्वान्ने जगात अनेक आहेत, पण जिची सिद्धता असे नेमके थांबण्यावर अवलंबून आहे अशी ही आपली कोजागिरीची वाटी निराळीच. तिचा एकेक पदर सावकाश उलगडून पाहू.

सुरुवात अर्थातच दुधापासून. राजूरच्या पश्चिमेचा मुलूख म्हणजे डांगाण, भाताचा आणि पावसाचा. घाटघर-रतनवाडीच्या अंगाला पाच-पाच हजार मिलिमीटर पाऊस पडल्याची वर्षे लोकांच्या स्मरणात आहेत. अशा पावसात तगून राहणारे जनावर म्हणजे डांगी. पांढऱ्या अंगावर काळे किंवा तांबडे ठिपके, आणि कातडीतून पाझरणारा असा तेलकटपणा की सरी अंगावर ठरत नाहीत, घसरून जातात. राजूरला भरणारे डांगी जनावरांचे प्रदर्शन पंचक्रोशीत नावाजलेले आहे. पण डांगी गाय मुळात कष्टाची, दूध बेताचेच देणारी. चिखलात भाताची खाचरे नांगरणारा बैल ही तिची खरी देणगी. आज तालुक्यातल्या संकलन केंद्रांवर सकाळ-संध्याकाळ जे कॅन रिकामे होतात, त्यांत संकरित गायींचा वाटा मोठा. कोजागिरीसाठी मात्र घरोघर म्हशीच्या दुधाची आठवण निघते, आणि ती उगाच नव्हे. गायीच्या दुधात साडेतीन-चार टक्के स्निग्धांश, तर म्हशीच्या दुधात सहा-सात. आटताना याच स्निग्धांशाची जाडी जिभेला जाणवते. थोडे गायीचे आणि थोडे म्हशीचे असे मिसळून घेणारी घरेही आहेत. गायीच्या दुधाची पिवळसर झाक आणि म्हशीच्या दुधाचा भरीवपणा दोन्ही हवेत, असा त्यांचा विचार. रसिकतेला तडजोड वर्ज्य नाही, ती फक्त चवीसाठी केलेली असावी.

आता पातेल्याकडे वळू. जाड बुडाचे, रुंद तोंडाचे. रुंद अशासाठी की वाफेला निघून जायला वाट मोकळी हवी. पहिली उकळी येते तेव्हा दूध उतावीळ असते, फसफसून काठावर झेपावते. आच कमी केली की शांत होते आणि मग खरा व्यवहार सुरू होतो. उलथने बुडाशी गोल फिरते, मग कडेने. काठाला जी साय धरते ती खरवडून पुन्हा दुधात लोटायची, हे या कामातले सगळ्यात मन लावून करायचे काम. कडेची ती साय थोडी वाळलेली, थोडी खमंग, किंचित तांबूस झालेली असते. दुधातली साखर आणि प्रथिने आचेवर एकमेकांत गुंतली की हा रंग आणि हा वास येतो. खरवडून लोटलेले ते सायीचे तुकडे दुधात पूर्ण विरघळत नाहीत, लहान लहान मऊ पदर होऊन तरंगत राहतात. पुढे वाटी तोंडाला लावली की मध्येच एखादा पदर जिभेवर येतो आणि वाहत्या दुधात क्षणभर चावायला काही तरी मिळते. पेढ्याची ही एवढीच चाहूल या पेयात ठेवलेली असते.

आणि थांबायचे कधी? पातेल्याच्या आतल्या बाजूला दुधाच्या पहिल्या पातळीची रेघ उमटलेली असते. दूध त्या रेघेपासून तिसऱ्या हिश्शाने, फार तर निम्म्याने खाली उतरले की पुरे. पण जाणत्या बाया रेघेकडे पाहतही नाहीत. त्या उलथने वर उचलतात आणि दूध कसे ओघळते ते पाहतात. पाण्यासारखी सलग धार पडली तर अजून वेळ आहे. पडता पडता धार अडखळू लागली, शेवटचा थेंब उलथन्याच्या कडेला जरा रेंगाळला, की चूल बंद. त्या रेंगाळत्या थेंबापाशी रबडीची हद्द सुरू होते, आणि रबडीपलीकडे खवा उभाच आहे. हा मोह टाळून जे दूध अलीकडेच राहिले, तेच कोजागिरीचे.

मग साखर, आणि मग मसाला. साखर बेताची, कारण आटलेल्या दुधाला स्वतःची गोडी असते आणि तिच्यावर मात करणे हा अरसिकपणा. वेलचीचे दाणे चमचाभर साखरेसंगे कुटलेले. केशर आधी कोमट दुधात खललेले. चार काड्यांचा रंग प्रथम तळाशी नारिंगी रेषांनी पसरतो आणि ढवळता ढवळता साऱ्या दुधाला अशी कांती देतो की ते पांढरेही म्हणवत नाही आणि पिवळेही म्हणवत नाही. चारोळी सगळ्यांत नम्र. तिला गंध जवळपास नाहीच, पण दाताखाली तिचा जो मऊ, तेलकट दाणा येतो त्यावाचून दूध पोरके वाटते. बदाम-पिस्त्यांची भरड करावी, पूड करू नये. पूड तळाशी बसते, भरड शेवटच्या घोटापर्यंत सोबत करते.

या सगळ्यांत मला मौज वाटते ती जायफळाची. बाळगुटीत त्याचे चार वळसे देऊन ज्याने पिढ्यान्‌पिढ्या तान्ही बाळे झोपवली, तेच जायफळ आपण जागरणाच्या रात्री दुधात किसतो. लक्ष्मी मध्यरात्री दारोदार फिरून कोण जागे आहे ते पाहते, अशी श्रद्धा. आणि तिच्या वाटेकडे डोळे लावून बसलेल्यांच्या हाती तो झोपेचा मसाला. यात विसंगती शोधण्यापेक्षा रचना पाहावी. जागरण चंद्र माथ्यावर येईपर्यंतचे, दूध त्यानंतरचे. जागेपणा जिथे संपायचा तिथेच झोप पेरून ठेवली आहे. ज्या कुणी हा मसाला प्रथम योजला, त्याला किंवा बहुधा तिला, रात्रीचा आराखडा पूर्ण ठाऊक होता.

आता आकाशाकडे पाहू, कारण या पाककृतीचे घड्याळ तिथे टांगले आहे. डांगाणात आषाढापासून भाद्रपदापर्यंत चंद्र असून नसल्यासारखाच. कळसूबाईचे शिखर 1646 मीटर उंच, महाराष्ट्रातले सर्वांत उंच, पण पावसाळ्यात तेही दिवसच्या दिवस ढगात दडलेले. तिथे बिचाऱ्या चंद्राची काय कथा. आश्विनात मोसमी वारे परततात, आकाश धुऊन निघते, हळवे भात कापणीला येते, गरवे अजून खाचरात डुलत असते. एवढ्या दिवसांनी पूर्ण चंद्र सबंध रात्रभर मोकळा मिळतो, तो याच पौर्णिमेला.

तो मिळतो, आणि कुठे मिळतो हेही पाहण्यासारखे आहे. आश्विनात सूर्य विषुववृत्ताच्या किंचित दक्षिणेला सरकलेला असतो. त्याच्या बरोबर समोर असणारा पूर्ण चंद्र म्हणून बहुधा तितकाच उत्तरेला असतो. राजूर सुमारे साडेएकोणीस अंश अक्षांशावर. या दोन्ही गोष्टी जुळून येतात आणि मध्यरात्री, घड्याळात बारा वाजून काही मिनिटे झाली की, चंद्र जवळजवळ माथ्यावर येतो, दक्षिणेकडे थोडासाच कललेला. ज्येष्ठातला पूर्ण चंद्र मध्यरात्रीसुद्धा माथ्यापासून चाळीस-एक अंश खाली राहतो. खोल पातेल्याचा काठच त्याला आडवा येईल. मार्गशीर्षातला आणखी माथ्यावर चढतो हे खरे, पण तेव्हा डांगाणातल्या थंडीत अंगणात बसायचे म्हणजे शेकोटी आधी लागते, दूध नंतर. ढग गेलेले, थंडी यायची आहे आणि चंद्र पातेल्यात सरळ डोकावू शकतो, अशी ही मधलीच एक पौर्णिमा. दुधात चंद्रबिंब पाहण्याची रीत याच रात्रीला का चिकटली असावी, याचे एक कारण आकाशाच्या या भूमितीत सापडते.

ते बिंब पाहायचे असेल तर आपण पातेल्याच्या उत्तरेला उभे राहून थोडे वाकावे. दुधाच्या पृष्ठभागावरून प्रकाशाचा जेमतेम पन्नासावा हिस्सा सरळ परत फिरतो, म्हणून बिंब फिकट दिसते, आरशातल्यासारखे झगझगीत दिसत नाही. उरलेले चांदणे दुधात शिरते, स्निग्धांशाच्या अगणित सूक्ष्म थेंबांवर आपटून सगळीकडे विखुरते आणि सगळे दूध आतून उजळल्यासारखे वाटते. म्हणजे चंद्र या पातेल्यात दोनदा उतरतो, एकदा वाटोळा होऊन आणि एकदा नुसता उजेड होऊन. आपली नजर पहिल्याला शोधत असते, डोळ्यांना सुख मात्र दुसऱ्याने मिळते. एवढ्यात दूध निवू लागते. निरभ्र आकाशाखाली उघडी ठेवलेली वस्तू आपली ऊब आकाशाला देऊन टाकते, ढगाळ रात्री ती इतक्या लवकर निवत नाही. वर साय धरू लागते, प्रथम नुसती थरथर, मग नव्या लुगड्याच्या घडीसारखी एखादी चुणी, आणि बिंब मोडते. इथे घरात दोन पक्ष पडतात: साय मोडून चंद्र पुन्हा पाहू म्हणणारी पोरे आणि सायीला हात लावू नका म्हणणारी आजी. दोघांचेही बरोबर असते.

राजूरच्या आसमंतात या रात्रीला आणखी एक साक्षीदार आहे. तालुक्याचे ठिकाण असलेल्या अकोल्यात प्रवरेच्या काठी अगस्ती ऋषींचे स्थान आहे, आणि त्याच नावाचा तारा कोजागिरीच्या मध्यरात्रीनंतर आग्नेय-दक्षिण क्षितिजावर उगवतो; पौर्णिमा ऑक्टोबरच्या अखेरीस आली तर बारानंतर लगेच, मध्यावर आली तर एकच्या सुमारास. आकाशातला हा दुसऱ्या क्रमांकाचा तेजस्वी तारा, पण इथून पाहता क्षितिजापासून फारसा वर चढत नाही. मध्ये डोंगर आला तर आणखी उशिरा दिसतो. चरकसंहितेच्या सूत्रस्थानात शरद ऋतूतल्या पाण्याचे वर्णन आहे: दिवसा सूर्याने तापलेले, रात्री चंद्राने निवलेले, काळाने पक्व झालेले आणि अगस्तीच्या उदयाने निर्विष झालेले. त्या पाण्याला तिथे हंसोदक म्हटले आहे. आता आपले दूध याच क्रमाशी ताडून पाहा. आचेवर तापले, चांदण्यात निवले, आटवणीच्या वेळाने पक्व झाले, आणि वर अगस्तीही उगवला. शरदाने वर्षभराच्या गढूळ पाण्याचे जे केले, तेच घरातल्या बाईने संध्याकाळभरात एका पातेल्याचे केले.

आणि ही प्रवरा नदीही साधी नाही. रतनवाडीला अमृतेश्वराचे प्राचीन मंदिर आहे, रतनगडाच्या परिसरात उगम पावणारी प्रवरा तिथून खाली येते, आणि शेवटी नेवाशाच्या बाजूला गोदावरीला मिळते. नेवाशाला मोहिनीराजाचे देऊळ आहे; समुद्रमंथनातून निघालेले अमृत विष्णूने मोहिनीरूपाने वाटले ते इथेच, आणि पंगतीत चोरून बसलेल्या राहूचे शिर उडाले तेही इथेच, अशी लोकांची श्रद्धा. राहूची चहाडी करणाऱ्यांत चंद्र होता, म्हणून ग्रहण. ज्या क्षीरसागरातून अमृत आले त्यातूनच चंद्रही आला, म्हणजे ही दोघे एकाच दुधाची लेकरे. 2023 च्या कोजागिरीला, 28 ऑक्टोबरच्या रात्री, मध्यरात्रीनंतर एक वाजून पाच मिनिटांनी खंडग्रास चंद्रग्रहण लागले, तेव्हा वेध पाळणाऱ्या घरांत दूध कधी आटवायचे आणि कधी प्यायचे यावर पुष्कळ खल झाला. अमृताच्या वाटपात राहूने पुन्हा एकदा हात घातलाच म्हणायचा.

चंद्राच्या वेळापत्रकाने चालणारे पक्वान्न सूर्याच्या कॅलेंडरात कधीच स्थिर बसत नाही. कोजागिरी 2023 मध्ये 28 ऑक्टोबरला होती, 2024 मध्ये 16 ला, 2025 मध्ये 6 ला. दर वर्षी दहा-बारा दिवस अलीकडे येत येत ती पावसाळ्याला भिडू पाहते, तोच अधिक महिना मध्ये पडून तिला मागे ओढतो. 2026 मध्ये अधिक ज्येष्ठ आहे, म्हणून त्या वर्षीची कोजागिरी थेट 25 ऑक्टोबरला. आणि मराठी घरांचे चंद्राशी नातेही कसे रंग बदलत जाते! भाद्रपद शुद्ध चतुर्थीला मोदक करायचे आणि चंद्र पाहायचा नाही. दर संकष्टीला चंद्र पाहिल्याशिवाय मोदकाला हात लावायचा नाही. गणपतीला हसला म्हणून ज्याच्याशी अबोला धरला, त्याच चंद्राला सव्वा महिन्यानंतर आपण दुधात बोलावून घेतो. चिनी लोक आपल्या मध्य-शरदाच्या पौर्णिमेला मूनकेक करतात. त्यांच्या आठव्या महिन्याची ती पौर्णिमा एरवी बहुधा आपल्या कोजागिरीच्या महिनाभर आधी येते, पण 2025 मध्ये दोन्ही सण 6 ऑक्टोबरलाच आले. एकाच चंद्राखाली तिकडे त्याची गोल, भाजलेली, नक्षीदार प्रतिमा कापून वाटली गेली. इकडे आकार पातेल्याचा आणि चंद्र खराखुरा. आपल्या पेढ्याने मूनकेकची जागा केव्हाच घेतली असती. कोजागिरीला मात्र चंद्राची प्रतिमा नको होती, त्याची हजेरी हवी होती.

आता वाट्या भरा. नैवेद्य दाखवून झाला आहे, घरातल्या पहिल्या अपत्याला ओवाळून आश्विनी साजरी झाली आहे, आणि दूध ऊन नाही, गारही नाही, ओठांना ज्याचे तापमान जाणवूच नये अशा अवस्थेला आले आहे. एका दमात पिऊ नका. याच प्रवरेच्या काठी, नेवाशाला, शके 1212 मध्ये ज्ञानदेवांनी ज्ञानेश्वरी सांगितली आणि पहिल्याच अध्यायात श्रोत्याने कसे ऐकावे हे सांगताना शरदाच्या चांदण्यातले कोवळे अमृतकण टिपणाऱ्या चकोराच्या पिलांचा दृष्टान्त दिला. घोट आणि टिपणे यांत जे अंतर आहे, ते या वाटीपाशी कळते. पहिल्यांदा वेलची येते, मग केशराचा तो किंचित कडसर सुगंध, मग दुधाची भरदार गोडी, मध्येच सायीचा पदर, दाताखाली चारोळी. आणि वाटी खाली ठेवल्यावर, बऱ्याच उशिराने, जायफळ.

पंधरा दिवसांनी याच महिन्याच्या अमावास्येला लक्ष्मी पुन्हा येणार असते. तेव्हा तिच्यापुढे हिशेबाच्या वह्या असतात, केरसुणी असते, दिवे असतात, आणि चकल्या-करंज्या-लाडवांचे डबे भरलेले असतात. सगळा साठवणीचा थाट. तीच देवता पौर्णिमेला येते तेव्हा मात्र तिच्यापुढे असा नैवेद्य ठेवला जातो जो डब्यात भरता येत नाही, तराजूत घालून विकता येत नाही, सकाळपर्यंत ठेवला तर ज्याची ती चव राहत नाही. खव्यापर्यंत नेले असते तर टिकले असते. टिकू नये म्हणूनच ते अर्ध्या वाटेवर थांबवले. धनाच्या देवतेचे स्वागत न साठणाऱ्या गोष्टीने करायचे, आणि साठवणीला पंधरा दिवसांनी हात घालायचा, हा क्रम ज्यांनी लावला त्यांना श्रीमंती कशात असते याचा अंदाज आपल्यापेक्षा बरा होता. तेव्हा पातेल्यात उरलेले दूध फ्रिजमध्ये ठेवू नका. शेजारच्या घरात अजून दिवा दिसतो आहे.